भिंतीला पाणी

“देवासारखे धावून आलात बघा, भाऊजी,” तोडकरकाकू म्हणाल्या आणि त्यांनी पदराने डोळे टिपले.

नगरपरिषदेच्या व्हरांड्यात एकच बाक होतं. एका टोकाला काकू, दुसऱ्या टोकाला पप्पा आणि मधे मी. शाळेचा युनिफॉर्म, दोन वेण्या, लाल रिबिनी. पप्पा एसटीत ड्रायव्हर. त्या दिवशी खाकी सोडून त्यांनी लग्नकार्यातला पांढरा शर्ट घातला होता आणि समोरच्या ‘थुंकू नये’ या पाटीकडे ते इतकं टक लावून बघत होते, की घाटातल्या वळणाकडेसुद्धा तसं बघत नसतील.

“मी एकली काय बोलणार हुते त्या मॅडमपुढं?” काकू सांगत होत्या. “घरातलं माणूस अंथरुणात. आन् काल शिपाई सांगून गेला, भिंत पाडणार हायत, मॅडमना भेटा. म्हटलं, जायाचं नि पाया धरायचं. आन् इथं येऊन बघते तर तुमी दोघं! समे, शाळा बुडवून आलीस व्हय गं माझ्यापायी?”

मी नुसती मान हलवली. ती हो होती की नाही, मलाच कळलं नाही.

काकूंना माहीत नव्हतं, की त्यांच्या नव्या भिंतीविरुद्ध अर्ज करणारे आम्हीच होतो. आणि तो अर्ज मॅडमपुढे वाचून दाखवायला पप्पांनी मला आणलं होतं. महिन्यापूर्वी मी वक्तृत्वस्पर्धेत पहिली आले होते ना! आठवीतली मुलगी नववी-दहावीच्या मुलांना हरवते म्हणजे काय. तेव्हापासून मी दुधवाल्याशीसुद्धा हातवारे करून बोलायची. पप्पा सकाळी म्हणाले होते, “मला साहेबलोकांपुढं बोलता येत नाही, समू. तू बोल. तुझ्या त्या भाषणासारखं.”

आणि आता मी हातातल्या अर्जाची घडी उघडायची आणि पुन्हा घालायची.

*

आमच्या आणि तोडकरांच्या घरामधे एक बोळ होता. पडवळासारखा लांब आणि अरुंद. आमच्या स्वयंपाकघराची खिडकी नि काकूंच्या स्वयंपाकघराची खिडकी अगदी समोरासमोर. आई नर्स आहे. मी पाचवीत असताना तिची बदली लांब डोंगरातल्या उपकेंद्रात झाली आणि ती महिन्यातून एकदा घरी यायला लागली. पप्पांकडे मुक्कामाची गाडी. म्हणजे संध्याकाळी खेड्यात जायचं, तिथंच झोपायचं आणि सकाळी पहिली फेरी घेऊन परत यायचं. एक दिवस घरी, एक दिवस मुक्काम.

मुक्कामाच्या दिवशी मी घरातले सगळे दिवे लावायची. रेडिओ लावायची. फ्रिजशी बोलायची. तो घुर्र करायचा, तेवढंच उत्तर. मग समोर काकूंच्या स्वयंपाकघरात दिवा लागायचा आणि आवाज यायचा, “समे, जेवलीस का?”

“खिचडी टाकलीय.”

“रोज मेलं खिचडीच. थांब.”

काकूंकडे एक फळी होती. जुन्या कपाटाची. ती बोळावरून आमच्या खिडकीच्या कठड्यावर टेकवायची आणि तिच्यावरून वाटी सरकवायची. कधी वांग्याची भाजी, कधी पिठलं, कधी नुसतीच ताज्या लोण्याची गोळी. वाटी मिळाली की माझा प्रश्न सुरू. कारण आपल्यात वाटी रिकामी परत करत नाहीत. घरात मी एकटी, मी काय घालणार? बहुतेकदा चिमूटभर साखर. साखर संपली की मोगऱ्याची फुलं. एकदा नटराजचा नवा कोरा खोडरबर घातला होता. काकू इतक्या हसल्या, की आत पडलेल्या बाबूकाकांनी विचारलं, “काय झालं गं?” बाबूकाकांना, म्हणजे काकूंच्या नवऱ्याला, अर्धांगवायू झाला होता. त्यांचं बोलणं एरवी फक्त काकूंनाच कळायचं, पण तेवढं मला कळलं.

मग फळीवरूनच अभ्यास. मी भाषण म्हणायची आणि काकू लसूण सोलत ऐकायच्या. “हात एवढं हालवू नगंस, माश्या हाणतीयास असं वाटतं,” हे मला परीक्षकांनी नाही, काकूंनी सांगितलं. त्या पहिल्या बक्षिसातलं निम्मं तरी त्यांचं होतं.

आणि मग एक दिवस मी शाळेतून आले तर बोळात विटा.

गवंडी म्हणाला, बाथरूम. काकूंच्या खिडकीचं दार करायचं आणि बोळात संडास-बाथरूम बांधायचं. मी घरात जाऊन खिडकीशी उभी राहिले. माझ्यासमोर भिंत वर येत होती. पप्पा मुक्कामाहून सकाळी आले तेव्हा ती त्यांच्या छातीला लागली होती.

“मला विचारायचं तरी,” ते एवढंच म्हणाले. चहा न पिता त्यांनी अर्ज लिहिला. मी तो वाचला होता. ‘सदर बेकायदेशीर बांधकामामुळे अर्जदाराच्या घरात येणारा प्रकाश व हवा बंद होत आहे, तरी...’ पप्पांचं अक्षर एवढं सुबक मी कधी पाहिलं नव्हतं.

“काकूंना सांगूया ना आधी,” मी म्हटलं.

“त्यांनी सांगितलं का आपल्याला?”

पप्पांनी पेनाला टोपण लावलं आणि अर्ज घडी करून खिशात घातला.

भिंत पुरी झाली. वर छताखाली हातभर फट उरली. काकूंचा दिवा लागला की त्या फटीतून आमच्या छतावर उजेडाची एक पट्टी पडायची. मी जमिनीवर आडवी पडून ती पट्टी बघत बसायची. काकूंची सावली तिच्यातून इकडून तिकडे गेली की समजायचं, आता पोळ्या. आता भांडी.

त्याच आठवड्यात बाबूकाका परसातल्या जुन्या संडासाच्या पायऱ्यांवर पडले. खुब्याचं हाड. त्यांना सांगलीच्या दवाखान्यात न्यायला गाडी आली तेव्हा काकू धावत आमच्या दारात आल्या. पप्पा ड्युटीवर होते.

“समे, एक काम करशील? भिंत ओली हाय. सकाळ-संध्याकाळ पाणी मार तिला. न्हाईतर तडं जातील. पोती लावलीत, ती भिजली पायजेत.”

“मारते,” मी म्हटलं.

म्हणजे जी भिंत माझी खिडकी बंद करत होती, तिलाच मी रोज पाणी मारायला लागले. शाळेत जाण्याआधी बादलीभर, आल्यावर बादलीभर. मैत्रिणीला सांगितलं तर ती म्हणाली, “तू येडी आहेस का?” असेन. पण काकू नसताना त्या घराशी बोलायचं माझ्याकडे तेवढंच काहीतरी होतं. पोती भिजली की ओल्या सिमेंटचा वास यायचा. मी भिंतीलाच विचारायची, “काय, जेवलीस का?”

एके दुपारी शाळेतून आले तर पोत्यांच्या खाली कागदाचा एक लिबलिबीत गोळा पडला होता. शाई पसरलेली, अक्षर एकही लागत नव्हतं. फक्त एका बाजूला निळा गोल शिक्का अर्धामुर्धा उरला होता. कसलीतरी जाहिरात असेल म्हणून मी तो झाडूने बोळाच्या तोंडाशी ढकलला. तिथं एक शेळी आली आणि तिने तो खाल्ला. शेळीला शिक्क्याचं काय.

*

“अर्जदार भोईटे! गैरअर्जदार तोडकर!”

शिपायाने दारातून आरोळी दिली.

काकू उठल्या. दोन पावलं गेल्या आणि थांबल्या. वळून त्यांनी पप्पांकडे बघितलं. मग माझ्याकडे. माझ्या हातातल्या कागदाकडे.

“अर्जदार तुमी?”

पप्पा म्हणाले, “वहिनी...” आणि शर्टाची कॉलर सारखी करायला लागले.

आत मुख्याधिकारी मॅडम होत्या. सर्दी झालेली, नाकाला रुमाल. बाजूला बांधकाम खात्याचे गोंजारीसाहेब फाइल घेऊन उभे. त्यांनी भरभर वाचलं, “नोटीस बजावण्यास गेलो असता घर बंद आढळले. सबब दोन पंचांसमक्ष सदर बांधकामाच्या दर्शनी भागावर नोटीस डकवली. मुदतीत खुलासा प्राप्त नाही. सबब भिंत पाडण्याचा आदेश. उद्या सकाळी कारवाई.”

“कसली नोटीस?” काकू म्हणाल्या. “कालपतोर मला कोन काय बोललं न्हाई. मी सांगलीला दवाखान्यात.”

“ताई, डकवलेली नोटीस मिळाली असंच धरतात,” मॅडम थकलेल्या आवाजात म्हणाल्या. “तुम्ही मुदतीत आला असतात तर ऐकून घेतलं असतं. आता मी काय करू? भोईटे, तुम्हाला काही सांगायचंय?”

पप्पांनी माझ्या पाठीला हलकेच बोट लावलं.

मी पुढे झाले. “सन्माननीय अध्यक्ष महोदय, पूज्य गुरुजनवर्ग...” सवयीने तोंडातून गेलंच. शिपाई फिसकन् हसला. मी अर्ज उघडला. “सदर बेकायदेशीर बांधकामामुळे अर्जदाराच्या घरात येणारा प्रकाश व हवा...”

गोंजारीसाहेबांच्या हातात फाइल उघडीच होती. तिच्यात नोटिशीची दुसरी प्रत होती. खाली निळा गोल शिक्का.

मी थांबले. पप्पांना वाटलं, विसरले. ते मागून हळूच म्हणाले, “बंद होत आहे.”

मला पुढचं पाठ होतं. वाचून टाकलं असतं, तर उद्या सकाळी भिंत गेली असती आणि माझी खिडकी मला परत मिळाली असती. एवढंच करायचं होतं. चार ओळी.

“मॅडम, भिंत ओली होती,” मी म्हणाले.

“काय?”

“नोटीस लावली तेव्हा. म्हणजे मी पाणी मारत होते ना रोज. काकूंनी सांगितलं होतं. पोती लावली होती भिंतीला. मी शाळेतून आले तर खाली लगदा पडलेला. असाच शिक्का होता त्याच्यावर. मला वाटलं जाहिरात. मग शेळीने खाल्ला.”

गोंजारीसाहेबांनी फाइलमधला कागद उलटला.

“पंचनामा आहे, मॅडम,” गोंजारीसाहेब म्हणाले. “खळ व्यवस्थित लावली होती.”

“कशावर?”

“भिंतीवर.”

“भिंतीवर तर पोती होती म्हणतेय ही. गोंजारी, ओल्या गोणपाटावर खळ लावलीत तुम्ही?”

“दर्शनी भाग तोच होता, मॅडम. दाराला कुलूप होतं, पण दार काही बेकायदेशीर नव्हतं. म्हणून मग...”

मॅडमनी नाक पुसलं आणि माझ्याकडे बघितलं. “बाळ, अर्जदार तुझे वडील ना?”

“हो.”

“मग हे कुणाच्या बाजूने बोलतेयस, कळतंय का तुला?”

“मला नाही माहीत, मॅडम. पण काकूंना नोटीस मिळाली असती तर त्या गप्प बसल्याच नसत्या. तुम्हाला माहीत नाही त्या किती बोलतात.”

शिपाई पुन्हा हसला. मॅडमही थोडंसं. काकू हसल्या नाहीत. पप्पा खाली फरशीकडे बघत होते.

“उद्याची कारवाई थांबवा,” मॅडम म्हणाल्या. “नवी नोटीस काढा. आत्ता, इथं, यांच्या हातात द्या आणि सही घ्या. पंधरवड्याने या, ताई. जे काय सांगायचं ते सगळं सांगा. मी जागा बघायला पण येईन.”

*

बाहेर आल्यावर काकू झपझप चालत होत्या. पप्पा मागून म्हणाले, “वहिनी, आधी एका शब्दाने विचारलं असतंत तर...”

काकू वळल्या. “इचारणार हुते. तुमी मुक्कामाला. माणूस तिकडं घाण करून घेतंय अंथरुणात, लाजंनं जेवत न्हाई, आन् मी तुमची गाडी कवा येती ते बघत बसू? आन् भाऊजी, तुमी इचारलंत का? अर्ज टाकायच्या आधी? चार पावलांवर दार हाय माझं.”

पप्पांनी गाडीला किक मारली. चालू झाली नाही. पुन्हा मारली.

काकू माझ्याकडे बघून काहीतरी म्हणतील असं मला वाटत होतं. त्यांनी पदर खोचला आणि त्या गेल्या.

घरी येताना मी मागे बसून पप्पांच्या पाठीला विचारलं, “रागावलात?”

त्यांनी गियर बदलला. मग नाक्यावर गाडी थांबली तेव्हा म्हणाले, “तू घरात एकटी असतेस. ती बाई त्या खिडकीतून बघत असायची. म्हणून मी मुक्कामाची गाडी घेत होतो.”

“मग हे लिहायचं ना अर्जात!”

“असलं अर्जात कोण लिहितं, समू?”

त्या संध्याकाळी छतावर उजेडाची पट्टी पडली नाही. काकूंनी फटीला आतून पोतं लावलं होतं.

पंधरवड्याने खरी सुनावणी झाली. पप्पा गेले. मी शाळेत होते, पण मधल्या सुट्टीत कुंपणाजवळ उभी राहून नगरपरिषदेच्या दाराकडे बघत होते. मॅडम जागेवरही आल्या. काकूंच्या घरात बसल्या, बाबूकाकांशी बोलल्या, परसातल्या पायऱ्या उतरून बघितल्या. परसात बांधायला परवानगी देते म्हणाल्या. पण परस दिराच्या वाटणीचं, आणि दीर सही देईना. बोळात मात्र बांधता येणार नव्हतं. बोळ मोकळा ठेवायचा असा नियम होता.

पप्पा मॅडमना म्हणाले, “मी अर्ज मागे घेतो.”

मॅडम म्हणाल्या, “घ्या. पण भिंत मला दिसली ती दिसलीच ना, भोईटे.”

भिंत पाडायला महिनाभराची मुदत मिळाली. काकूंनी स्वतःच गवंडी लावून ती पाडली. मी दिलेल्या पाण्याने ती इतकी पक्की झाली होती, की गवंडी घणाचे घाव घालून घामाघूम झाला.

“कुनी पाणी मारलंय हिला?” तो करवादला.

काकू दारात उभ्या होत्या. त्या दिवसानंतर पहिल्यांदाच माझ्याकडे बघून बोलल्या. “ह्या पोरीनं. बरूबर मारलंय.”

मी बोळात उतरले. “काकू, माझं चुकलं का?”

“तुझं कशाला चुकंल? त्या बाईनं माझं समदं ऐकलं. पार लग्नापासनं सांगितलं मी तिला. मधे तोडलं न्हाई. न्हाई म्हणली ती म्हणली, पण ऐकून म्हणली.” त्यांनी पायाने विटेचा एक तुकडा बाजूला सारला. “न ऐकता पाडली असती ना समे, तर मी तुझ्या बापाला मरंस्तवर माफ केलं नसतं.”

“आता केलं?”

“बघू,” काकू म्हणाल्या. “भोसरीला पोराकडं चाललोय आमी. त्याच्या फ्लॅटात आतच हाय सगळं. ह्यांची सोय हुईल.”

टेम्पो भरला त्या संध्याकाळी मी पुढच्या दाराने त्यांच्या घरी गेले. फळीवरून नाही, पुढच्या दाराने. बोळावरून इतकी वर्षं वाट्यांची ये-जा झालेली, पण त्यांचा उंबरा मी फारसा ओलांडलाच नव्हता. हातात आमची वाटी होती, आईच्या लग्नातल्या सहांपैकी एक, कडेला ‘सौ. वृंदा’ कोरलेली. तिच्यात मी केलेला शिरा होता. जरा करपला होता.

काकूंनी तिथंच उभ्याने खाल्ला, बाबूकाकांना भरवला. वाटी विसळली. मग ती हातात धरून त्यांनी इकडेतिकडे बघितलं. स्वयंपाकघर सगळं पोत्यांत बांधलेलं. डबे टेम्पोत. साखर टेम्पोत. फडताळ मोकळं. मोगऱ्याला त्या दिवसांत फूल नव्हतं.

“राहू दे काकू, द्या तशीच.”

“रिकामी? रिकामी कशी देऊ गं?” त्यांनी वाटी पदराने पुसली आणि पिशवीत घातली. “ऱ्हाऊ दे माझ्याकडं. भरून देईन.”

आणि टेम्पो गेला.

आता मी अकरावीत आहे. जिल्ह्यात माझा नंबर येतो. हात कमी हलवते. पप्पांनी त्या वर्षी दिवसाची गाडी मागितली होती, ती मिळाली नाही. मुक्कामाच्या दिवशी मी खिडकीत उभी राहून भाषणं पाठ करते. समोर काकूंच्या खिडकीच्या जागी पत्रा ठोकलाय, म्हणून आवाज घुमून चांगला परत येतो. संध्याकाळपर्यंत ऊन असतं. वारा तर इतका येतो, की कागद हाताने दाबून धरावे लागतात.

परवा आई आली होती. रात्रीचं वाढायला घेताना तिने रॅकवरच्या वाट्या मोजल्या.

“समू, एक वाटी कमी कशी?”

“तोडकरकाकूंकडे आहे.”

“मग घेऊन ये ना,” आई भाताची मूद पाडत सवयीने म्हणाली, “खिडकीतून हाक मार नुसती.”

मी खिडकीकडे बघितलं. आईचा हात ताटावरच थांबला.